शूटिंगचं कुंकू

लक्ष्मीबाई नगर, दिल्ली
१५ मार्च १९८७

हो रे दादा, टीव्हीवर खाटेवरून धप्पकन पडली ती तुझीच बहीण! कंबर शाबूत आहे, तुला आणि वहिनीला वाकून नमस्कार करता येतोय.

आधी मोलकरीण, मग शेजारीण, आता सासू. बढतीच की! माझं हिंदी ऐकूनच लोक हसतात.

यांना जाऊन सहा वर्षं झाली आणि बहिणीच्या कपाळावर कुंकू, गाव काय म्हणेल, ही तुझी काळजी कळली. अरे, सिरियलमधला नवरा जिवंत आहे, मी काय करू? शूटिंग संपलं की खोबरेल तेलाने पुसूनच बसमध्ये चढते.

फक्त परवा शुक्रवारी पुसायचं राहिलं. दार सूनबाईने उघडलं आणि माझा हात कपाळाकडे गेला. आता अविनाश काम सोडायला लावणार! तर मीनाक्षी म्हणते, "आई, राहू द्या ना. छान दिसतंय." अविनाशने एकदा वर पाहिलं आणि चहा मागितला. एवढंच! केवढी सुटले म्हणून सांगू.

वहिनीचा गुडघा कसा आहे?

दादा, तुझ्याशी खोटं नको. शुक्रवारी शूटिंग नव्हतंच. माझं मीच कुंकू लावून सरोजिनी नगरच्या बाजारात फिरून आले होते.

तुझी,
प्रभा