कै. ल. गि. वसईकर

१६ जानेवारी २००४, शुक्रवार

आज मला श्रद्धांजली वाहिली. मी हजर होतो!

लेकीकडे दोहात शुक्रवारची सुट्टी. सकाळी मिस्साची प्रार्थना, दुपारी मटण. मस्त ताणून देणार तोच लवीना म्हणाली, "चला पप्पा, मराठी पिक्चर दाखवणार आहेत, तुमच्याच काळातला." कुठला ते तिलाही ठाऊक नव्हतं. बिन महमूद भागातल्या कुठल्याशा ऑफिसचा हॉल. पुण्या-नाशिकची मंडळी, तेल-गॅसच्या कंपन्यांतली. लेकीच्या शब्दाखातर बसलो.

मिहीर नावाचा एक तरुण इंजिनीअर माइकवर आला. म्हणाला, आज आपण 'अबोलीची वेणी' बघणार आहोत. माझा पिक्चर! दोहामध्ये! आणि लगेच पुढचं वाक्य — "या चित्रपटाचे लेखक ल. गि. वसईकर नुकतेच आपल्यातून गेले. दोन मिनिटं उभं राहू या."

सगळे उभे राहिले. मीही राहिलो. बसून राहणं बरं दिसलं नसतं! लवीना पांढरीफटक पडली. मला आधी घाम फुटला आणि मग असं हसू आलं की ओठ चावून धरावा लागला. शेजारच्या बाईंना वाटलं, म्हातारा रडतोय. त्यांनी रुमाल दिला.

पिक्चर काय बघितला देव जाणे.

१७ जानेवारी

चौऱ्याहत्तराव्या वर्षी स्वतःची मरणवार्ता ऐकायची म्हणजे काय चेष्टा आहे?

क्रिस्टी, माझी नात, शाळेतून आली ती हसतच. "ग्रँडपा, सो यू आर ऑफिशियली डेड!" मराठी सगळं कळतं पोरीला, पण बोलणार इंग्लिश. मग विचारते, तुझं नाव लुईस, मग हा वसईकर कोण?

सांगितलं तिला. छप्पन साली पिक्चर काढणारा शेठ म्हणाला होता, कहाणी झकास, पण कुंकवा-तुळशीच्या पिक्चरवर लुईस हे नाव? बायका थेटरात पाऊल टाकणार नाहीत. नुसतं गिरीशचं लावू. गिरीश, माझा जोडीदार, तिथल्या तिथे उठला. "त्याचं नाही तर माझंही नाही!" जिना उतरता उतरता त्यानेच नाव जुळवलं. लुईसचा ल, गिरीशचा गि, गाव दोघांचं वसई. लोक आम्हाला लक्ष्मण गिरिधर समजायचे. पत्रं यायची, सोवळ्यातल्या आज्यांची!

हळदीकुंकू, देवघर त्याच्याकडे. भांडणं माझ्याकडे. लिहिताना तो पुरुष बोलायचा, मी बायका. खांद्यावर टॉवेलचा पदर घेऊन.

१८ जानेवारी

मिहीर घरी आला. लवीनाने फोन करून झापलं होतं वाटतं. दारातच कान धरले. "सॉरी काका! आईने पुण्याहून कळवलं, पेपरात आलंय म्हणून."

पेपरवाले! जन्मभर माझं नाव छापताना हात आखडला, आणि मारताना एवढी घाई.

पोरगा सभ्य आहे, पण डोळ्यांत शंका दिसत होती. मग घेतला टॉवेल खांद्यावर आणि थोरल्या सुनेचा प्रवेश म्हणून दाखवला, सबंध. शेठला कहाणी ऐकवायचो तसाच. नवरा म्हणतो, "अबोला तू धरलास, आणि मोडायचा मी?" ती म्हणते, "मी मोडते. पण आधी समोर तर या!"

लवीना दारात उभी राहून रडत होती. इतकी वर्षं मी नाही म्हटलं तरी थोड्या थापाच मारतो असं वाटायचं तिला. मिहीर पाया पडला. येत्या शुक्रवारी सत्कार म्हणे — शाल, नारळ. आधी श्रद्धांजली, मग सत्कार. आमच्या नशिबात सगळं उलटंच!

१९ जानेवारी

नवऱ्याचं ते वाक्य गिरीशचं. काल तेही मलाच म्हणावं लागलं.

२० जानेवारी

टीव्ही आला तेव्हा गिरीशचं नि माझं बिनसलं. मी केंद्रावर नाटिका लिहायला गेलो. तो नाही आला. "खोक्यात बसायला मी काय कोंबडी आहे?" बरं, नको येऊ! पण नाटिकेवर मी आमचं नाव लावलं म्हणून चिडला. एकट्याने कसं लावलंस म्हणे. मी काय ते विकून खाल्लं? तेव्हापासून तो पुण्यात, मी वसईत. तीस वर्षं झाली. मी बोलावलं नाही, तो आला नाही.

पण ही गंमत जगात एकालाच कळेल. दुसऱ्या कुणाला सांगून उपयोग नाही. पहिलं वाक्यसुद्धा तयार आहे — "गिऱ्या, अरे, आपण वारलो!" शिवी देईल आधी. मग हसेल. त्याचं हसू म्हणजे खोकल्याची उबळ. ते ऐकायचंय मला.

लवीनाला म्हटलं, पुण्याचा नंबर शोध.

२२ जानेवारी

नंबर मिळाला! आज कुणी उचलला नाही. उद्या सत्काराआधी लावतो. शाल निम्मी तुझी म्हणून सांगतो त्याला.

२३ जानेवारी, शुक्रवार

गिरीशच्या बायकोने, शशिकलावहिनींनी, फोन उचलला. मी तयार वाक्य बोलून टाकलं — "गिऱ्याला सांगा, आपण वारलो!" — आणि हसलो.

वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, म्हणजे तुम्ही वाचलंत. मी गेल्यावर पेपरात माझं नाव नको, ल. गि. वसईकर असंच द्या, म्हणून सांगून गेले हे. बाकी कुणाला नाही कळलं तरी चालेल, लुईसला बरोब्बर कळेल, म्हणाले."

मला नाही कळलं, गिऱ्या.

अख्खा हॉल तुझ्यासाठी उभा होता. मी हसत होतो.