जास्तीची चार गाणी

मंगळवार, संध्याकाळ. छत्रीबाग.

बाबांनी आज ती कॅसेट मागितली. त्यांची मिल बंद झाली त्या दिवशी गेटवर केलेलं त्यांचं भाषण. मिलच्या केससाठी उद्या वकिलांना ऐकवायचंय म्हणाले.

दोन वर्षांपूर्वी कॉलेजातल्या सुनीताने एका रॅपरच्या पहिल्या गाजलेल्या अल्बमचा जादा गाण्यांचा मोठा कॅसेट-सेट एका दिवसासाठी दिला होता. त्यातली जास्तीची चार गाणी मी बाबांच्या भाषणावरच भरली. का? कोरी कॅसेट नव्हती, एवढंच. कॉलेजात अजून सगळ्यांना ती चार गाणी तोंडपाठ आहेत. मलाही.

सांगून टाकलं. बाबांनी कॅसेट लावून चारही गाणी ऐकली. मग म्हणाले, "बेटा, मी काय बोललो होतो, तुला काही याद आहे?"

मला एक वाक्यही आठवलं नाही.