चौथ्या भागाशिवाय

दि. ९ जानेवारी

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

हे पत्र उभ्यानंच लिहितेय. आमच्या वाद्यवृंदाच्या ऑफिसातल्या एकुलत्या एका खुर्चीवर पोस्टरांचा गठ्ठा ठेवलाय आणि तो मला हलवावासा वाटत नाही, कारण त्या पोस्टरांवर तुझं नाव आहे.

तुझी सिंफनी मार्चअखेरच्या कार्यक्रमासाठी ठरली. चारही भाग, शेवटच्या भागातल्या गायकवृंदासकट. काल तालीम संपल्यावर संचालकांनी सगळ्यांसमोर सांगितलं आणि वर म्हणाले की चेलोवाल्यांपैकी कोणी आता नातेवाईक म्हणून मिजास करू नये. मी घरी जाईपर्यंत भरपूर केली.

गायला आपल्याच गावचा गायकवृंद असेल. हौशी मंडळी आहेत सगळी. कोणी बँकेत, कोणी दवाखान्यात, दोघं तर आगीच्या बंबावर आहेत. दर बुधवारी कामं आटोपून शाळेच्या व्यायामशाळेत जमतात. त्यांच्या बाई फार खमक्या आहेत. त्यांनी स्वरलिपी चाळली आणि विचारलं की मधला तो लांबलचक तुकडा वाद्यांशिवाय, नुसत्या गळ्यानं गायचा, हे लिहिणाऱ्या बाई कधी गायकवृंदात उभ्या राहिल्यात का. मी म्हटलं, विचारून सांगते.

आईला सांगितलं. तिचा पहिला प्रश्न होता, यांचे शब्द आहेत तीच का. हो म्हटल्यावर ती कपाटाकडे गेली आणि मार्चमध्ये काय घालायचं ते जानेवारीतच काढून बसली.

कार्यक्रमपत्रिकेत चौथ्या भागाच्या शब्दांविषयी चार ओळी हव्यात. तूच लिहून पाठव. गुडघ्यांची काळजी घे आणि जमलं तर त्यांना समजावून इकडे घेऊन ये.

तुझी मिजासखोर भाची,
भिंगरी


दि. १७ जानेवारी

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र दोनदा वाचलं, एकदा चष्म्याशिवाय आणि एकदा चष्मा सापडल्यावर. दोन्ही वेळा मजकूर तोच निघाला, तेव्हा विश्वास ठेवला.

खालच्या सायकलवाल्याला हाक मारून सांगितलं. त्यानं विचारलं की सिंफनी म्हणजे काय. म्हटलं, साठसत्तर माणसं तासभर वाजवतात. गाणारे मागे पायऱ्यांवर नुसते बसून असतात आणि पाऊण तासानं उठून गातात. त्यावर तो म्हणाला की मग त्यांना शेवटीच बोलवावं, आधीपासून कशाला ताटकळत ठेवायचं. प्रश्न काही चुकीचा नाही. पण ते समोर गप्प बसलेले दिसतात म्हणूनच तर ऐकणारा वाट बघायला लागतो. तुझे आजोबा शेवटपर्यंत समजत होते की तुझ्या वाद्यवृंदातला कंडक्टर तिकिटं फाडतो. त्यांच्यापेक्षा सायकलवाला बरा.

तुमच्या खमक्या बाईंना सांग की शाळेत तीस वर्षं मुलींचा गायकवृंद मीच उभा केला. म्हणूनच मला माहीत आहे की तो तुकडा कठीण आहे.

चार ओळी मात्र मागू नकोस. तुझ्या बाबांना अर्धांग झालं आणि दोन वर्षं त्यांच्याकडे चारच शब्द उरले. आलीस, बस, खिडकी, नको. डॉक्टर आले तरी त्यांना आलीस, बस म्हणायचा आणि ते बिचारे मुकाट्यानं बसायचे. आपण त्यावर हसलोही आहोत. माझा धाकटा भाऊ, आख्ख्या घरात सगळ्यात गप्पिष्ट. तो गेला, आणि त्याचं जे बोलायचं राहिलं ते ऐंशी जणांच्या तोंडून एकदा मोठ्यानं बोललं जावं, एवढ्यासाठी त्याच चार शब्दांवर तो भाग लिहिला. पहिले तीन भाग त्या भागापर्यंत पोचण्यासाठी लिहिले. यातलं काहीही छापायचं नाही. शब्द कोणाचे ते तुला, तुझ्या आईला आणि मला ठाऊक आहे, तेवढं पुरे.

गुडघे येऊ देत नाहीत. रेडिओवर ऐकीन. आईला म्हणावं, ठेवणीतले कपडे आधी उन्हात टाक.

तुझी,
आत्या


दि. २२ फेब्रुवारी

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

हे पत्र चार दिवस टाळत होते.

शाळेनं व्यायामशाळा दुरुस्तीसाठी बंद केली हे तुला लिहिलं नव्हतं. गायकवृंद तेव्हापासून एका गोदामात जमत होता. थंडी इतकी की कोट घालून गायचे. बरेच जण यायचे बंद झाले, म्हाताऱ्यांना घरच्यांनी सोडलं नाही. तरी बाईंनी जे उरले त्यांना घेऊन काम नेटानं चालवलं होतं. चार दिवसांपूर्वी पहिल्यांदा ते आणि आम्ही एकत्र बसलो.

त्यांनी सुरुवात चांगली केली. बाबांचा पहिला शब्द आला तेव्हा माझी एक ओळ वाजवायची राहून गेली, हे कबूल करते. मग आम्ही थांबलो आणि ते एकटे गायला लागले. आत्या, ते सावकाश खाली उतरत गेले. एक जण उतरला की शेजारचा त्याला धरून उतरतो, आणि त्यांच्या स्वतःच्या कानाला काहीच कळत नाही. तुकडा संपला आणि आम्ही ठरल्या जागी वाजवायला लागलो, तर ते आमच्या अर्धा सूर खाली. असा काही आवाज झाला की मागे कर्णेवाल्यांमध्ये कोणीतरी हसलं. बाई लाल झाल्या. संचालकांनी तीनदा करून घेतलं. तिसऱ्यांदा तर त्याहून खाली गेले.

संचालक दुष्ट नाहीत. मला बाजूला घेऊन म्हणाले की उरलेल्या वेळात हे सुधारणार नाही, आणि बाहेरचा गायकवृंद इतक्या थोड्या दिवसांत कोणी देणार नाही. एक तर सगळंच रद्द करायचं, नाहीतर पहिले तीनच भाग वाजवायचे. त्यांनी आणखी एक वाट सुचवलीय. त्या तुकड्याखाली तू चेलोंचा हलका आधार लिहून दिलास, तर गाणाऱ्यांना धरायला काहीतरी राहील. तुझ्याजवळ हट्ट करायचा माझा हक्क आहे असं समजून विचारते, देशील का लिहून?

आईला यातलं काही सांगितलेलं नाही.

लोभ असू दे, या पत्रानंतरसुद्धा.
भिंगरी


दि. २ मार्च

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या हक्काबद्दल मला शंका नाही. म्हणून पत्र मिळाल्यापासून दुसरं काही केलं नाही. पियानोचे दोन स्वर उठत नाहीत, ते तोंडानं म्हणत तुझ्या चेलोंचा आधार तीन तऱ्हांनी लिहून पाहिला. हलका लिहिला तर गाणाऱ्यांना ऐकूच जाणार नाही. ऐकू जाईल इतका लिहिला, की आजारी माणसाला दोन्ही बाजूंनी धरून चालवल्यासारखं होतं. शब्द त्याचे राहत नाहीत. तिन्ही कागद फाडले.

सगळं रद्द करा असं लिहायला बसले होते. लेखणी उचलल्यावर मनात आलं की मी चौऱ्याहत्तर वर्षांची आहे आणि माझं याहून मोठं काही कोणी वाजवणार नाही. तुझ्या संचालकांना म्हणावं, तीन भाग वाजवा. चौथा पुढे कधीतरी होईल. आज एवढं ऐकलं, तर उद्या कोणी उरलेलं मागेल, अशी मी स्वतःची समजूत घातली आहे. फारशी पटलेली नाही, पण घातली आहे.

बाईंना माझ्याकडून सांग की चूक त्यांच्या माणसांची नाही. थंडीत कोट घालून कोणाचाच गळा सुरात राहत नाही. त्यांना मानाच्या जागा द्यायला लाव.

आईला मात्र आधी सांग. ती माझ्यासारखी नाही, तिला आशेवर ठेवू नये.

तुझी,
आत्या


दि. ३० मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तू रेडिओवर ऐकलंच असशील, पण रेडिओवर दिसत नाही म्हणून लिहिते.

सभागृह भरलं होतं. आमच्या मागच्या पायऱ्या रिकाम्या बऱ्या दिसत नाहीत म्हणून व्यवस्थापकांनी तिथे कुंड्या ठेवल्या होत्या. गायकवृंदातले निम्मेअधिक आले आणि सज्जात एकत्र बसले. बाई स्वरलिपी घेऊन आल्या होत्या. पूर्ण वेळ ती मांडीवर मिटलेलीच होती.

आम्ही चांगलं वाजवलं, आत्या. इतकं चांगलं आम्ही बऱ्याच दिवसांत वाजवलं नव्हतं. तिसऱ्या भागाच्या शेवटी आमचा जो एकच खालचा सूर उरतो, ज्याच्यावर गायकांनी उठून पहिला शब्द म्हणायचा असतो, तो आम्ही धरला. संचालकांनी तो विरत विरत नेला. अगदी ऐकू येईनासा झाला तरी कोणी हललं नाही, खोकलंसुद्धा नाही. मग जे लोक उठले ते किती तरी वेळ खाली बसेनात. माझ्या शेजारचा म्हातारा चेलोवाला डोळे पुसत होता. सज्जातला गायकवृंदही उभा राहून टाळ्या वाजवत होता.

आई बसून होती. आईला सांग, असं तू लिहिलं होतंस. मी सांगितलं, पण घाबरत घाबरत, अर्धवट सांगितलं. गाणारे नाहीत एवढं तिला कळलं होतं. शब्द कोणीतरी, कसे तरी म्हणेल असं ती धरून चालली होती. लोक निघायला लागले, आमची वाद्यं पेट्यांत गेली, मी खाली तिच्याजवळ गेले, तर तिनं मला विचारलं की हे मध्यंतर किती वेळाचं आहे. मी म्हटलं, संपलं. ती म्हणाली की त्यांचं अजून व्हायचंय. दिवे मालवणारा माणूस आमच्यासाठी थांबला होता. मी तिला कसं उठवलं ते लिहिण्यासारखं नाही.

वर्तमानपत्राचं कात्रण सोबत ठेवलंय. त्यात लिहिलंय की शेवट असा धाडसानं शांत ठेवणारी सिंफनी अलीकडे ऐकली नाही.

तुला काय वाटलं ते लगेच कळव. मी वाट बघतेय.

तुझी,
भिंगरी


दि. ८ एप्रिल

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

लगेच कळवलं नाही, कारण काय वाटलं ते मला स्वतःला कबूल करायचं नव्हतं.

सायकलवाल्यानं रेडिओ नीट लावून दिला आणि स्वतः दाराशी बसला. मी चौथ्या भागाची पानं समोर उघडून ठेवली होती. ठरवलं होतं की तुमचं संपलं की उरलेलं मनातल्या मनात वाचत ऐकायचं. तुमचा तो शेवटचा सूर विरला. मी पानाकडे पाहिलं आणि मला त्यातलं काही ऐकावंसं वाटलं नाही. भिंगरे, आयुष्यभर मुलींना शिकवलं की कान खोटं बोलत नाही. माझ्या कानानं सांगितलं की इथे संपलं. यापुढे कोणी उठून बोललं तर ते जास्तीचं होईल.

मग दुसऱ्या दिवशी, तिसऱ्या दिवशी पियानोवर पुन्हा वाजवून पाहिलं. दर वेळी तेच. त्याच्यासाठी जे बांधलं त्यात त्यालाच जागा नाही. तीन भाग लिहिताना त्याचं दुःख माझ्याकडून लिहून झालं असावं, आणि चौथा मी केवळ त्याच्या मायेपोटी जोडला. मायेनं केलेलं चांगलं असतंच असं नाही, हे मी इतरांना सांगत आले.

तुमच्या कार्यक्रमानंतर प्रकाशकांचं पत्र आलं. तीन भागांची सिंफनी म्हणून छापायची आहे, दोन वाद्यवृंदांनी आधीच मागितली आहे. चौथ्याचं काय, हे त्यांनी विचारलं नाही, कारण तो आहे हे त्यांना माहीत नाही. मी सही करून पाठवली. तुला आधी विचारायला हवं होतं. विचारलं असतं तर तू नको म्हणाली असतीस आणि मी ऐकलं असतं, म्हणून विचारलं नाही.

रागाव. पण रागावून पत्र लिहायचं थांबू नकोस. माझ्याकडे येणारी पत्रं आता फक्त तुझी आणि प्रकाशकांची.

तुझी,
आत्या


दि. २६ एप्रिल

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

दोन पत्रं लिहून फाडली. त्यात जे होतं ते तुला वाचून वाईट वाटलं असतं आणि माझं काही हलकं झालं नसतं.

मी संचालकांना जाऊन विचारलं होतं की पुढे कधी चांगला गायकवृंद मिळाला तर. ते म्हणाले की ज्यांनी तीन भाग ऐकलेत त्यांना चौथा शेपटासारखा वाटेल. मी भांडायच्या तयारीनं गेले होते. पण मीही त्या दिवशी वाजवत होते आणि मलाही कान आहेत. परत आले.

गायकवृंद मोडला. व्यायामशाळा उघडली, पण बुधवारी बाई आणि आठदहा जणच आले. बाईंनी किल्ली शाळेला परत दिली. आता त्या घरी मुलांना शिकवतात.

तुझं पत्र मी आईला वाचून दाखवलं, सगळं, यावेळी अर्धवट नाही. प्रकाशकांचं, सहीचं, तुझ्या कानाचं. मला वाटलं ती रडेल, नाहीतर तुला काही बोलेल. ती ऐकत होती, हातातलं मोज्याचं शिवण चालूच होतं. शेवटी म्हणाली की आत्याला दोष देऊ नकोस. ते चांगले हिंडतेफिरते होते तेव्हाही त्यांचं बोलणं कोणी शेवटपर्यंत ऐकून घेतलं नाही. फार बोलायचे ना, आपण सगळे मध्येच उठून कामाला लागायचो. एवढं बोलून तिनं दोरा तोडला आणि दुसरा मोजा घेतला.

पुढच्या महिन्यात आम्ही तुझी सिंफनी घेऊन तीन गावांना जाणार आहोत. छापील प्रती आल्यात. आई येणार नाही म्हणाली.

रागावले आहे, आणि लिहीत राहीन. तूही लिही.

तुझी,
भिंगरी