मंगळवार-शुक्रवारचं थोरियम

ती. दादा,

साष्टांग नमस्कार (कंबरेमुळे आता तो कागदावरच जमतो). तुझा गुडघा आणि वहिनीचा खोकला, दोघेही जरा समजुतीने घेत असतील अशी आशा.

पुढच्या महिन्यात माझा निवृत्तीचा समारंभ. त्याआधी एक कबुली. तू लोकांना सांगतोस, बहीण बाँब करते. नाही रे. पस्तीस वर्षं मी किरणोत्सारी थोरियमची संयुगं आम्लात विरघळवली आणि किती उष्णता निघते ते मोजलं, अंशाच्या हजाराव्या भागापर्यंत. पहिल्या वर्षी तळमजल्यावरच्या त्या गार खोलीत आकडे शहाण्यासारखे यायचे; फक्त मंगळवारी आणि शुक्रवारी चढायचे. "थोरियमला वार कळतो का?" प्रोफेसरांनी विचारलं. मी आम्ल बदललं, तारा बदलल्या, झाडणाऱ्या मावशींवरसुद्धा संशय घेतला (त्यांना अजून माहीत नाही). सात महिने असे गेले.

त्या दोन दिवशी काच फुंकणारा कारागीर यायचा. पदार्थ भरायच्या नाजूक कुप्या तो करायचा. डझनभर एकदम आणता आल्या असत्या, पण हा पठ्ठ्या दोन-दोनच आणायचा आणि उपकरणाच्या पाण्याच्या टाकीला पाठ टेकून तासभर बोलत राहायचा. टाकी कोमट, खोली गार, माणूस उबदार. एका शुक्रवारी मी म्हटलं, "जरा बाहेर उभे राहता?" तो निमूट गेला. आकडा जागेवर आला. मी आनंदाने उडी मारायची, तर नुसतीच दाराकडे बघत बसले.

सात महिन्यांच्या नोंदींवर काट मारली. प्रोफेसरांना सांगितलं, खिडकीतून वारा येत होता. त्या खोलीला खिडकी नव्हती. ते "बरं" म्हणाले आणि निघून गेले. कारागीर म्हणजे अर्थात तुझे मेहुणे. अजूनही कुठे ऊब दिसली की पाठ टेकतात.

तुझी धाकटी

ता. क. खरं काम वेगळंच आहे. समारंभात मेहुणे हीच हकिकत सांगणार आहेत. तीनदा तालीम ऐकली. पहिल्या रांगेत आई असेल, आणि तिला मी सांगितलंय की स्थळ प्रोफेसरांनी सुचवलं. तू आधीच तिच्या कानावर हळूच घाल.

आणखी एक ता. क. राहू दे. आत्ताच आईचा फोन आला. प्रोफेसर तेव्हाच तिला भेटून गेले होते म्हणे. त्यांनी विचारलं, "आकडे हवेत की जावई?" आई म्हणाली, "आकडे ती पुन्हा काढेल."