जबाबातलं दुसरं नाव

आप्पा, बांधापलीकडचा धाकटा सुटला. आता कायमचा. तुमच्या डोक्यात फावडं घालणाऱ्या त्याच्या थोरल्या भावाला मात्र हायकोर्टानं तीन वर्षं दिली. सकाळी केडगावच्या घरात मी कणीक मळत होते, तेव्हा धाकट्याचाच फोन आला. "ताई, अपिलात माझं निर्दोष कायम ऱ्हायलं," म्हणाला. पिठाच्या हातानं फोन धरून मी फरशीवरच बसले आणि रडले. सुटल्यासारखं वाटलं म्हणून रडायला मला चाळिशी ओलांडावी लागली.

कर्जतकडच्या आपल्या रानात तुम्ही पाटाचं पाणी वळवत दारं धरत होतात. पाळी तुमची होती. बांधापलीकडचा थोरला आला, त्यानं पाणी स्वतःच्या उसाकडे वळवलं, तुम्ही परत वळवलंत आणि त्यानं फावडं उचललं. धाकटा त्या वेळी कारखान्यावर उसाची ट्रॉली घेऊन वजनकाट्याच्या रांगेत उभा होता. पण आपल्याकडची रीत तुम्हाला मी काय सांगू? एकानं मारलं तरी फिर्यादीत घरातले सगळे बाप्ये गोवायचे, म्हणजे जामिनाला पळायला बाहेर कुणी उरत नाही. नगरच्या सिव्हिल हॉस्पिटलात तुमचा जबाब झाला, त्यात धाकट्याचं नाव असंच गेलं. मी कॉलेजातून धावत आले होते, चुलते शेजारी होते, तुमच्या डोक्याला बारा टाके होते. हवालदारानं वाचून दाखवलं आणि तुम्ही अंगठा दिलात. पुढं वकील म्हणाले, जबाबात आहे तेच कोर्टात सांगा. तुम्ही सांगितलंत.

समोरच्या वकिलानं काट्याची पावती दाखवली. जज म्हणाले, एक नाव खोटं निघालं, मग दुसऱ्यावर विश्वास कसा ठेवायचा? दोघंही निर्दोष सुटले. गावानं लगेच ठरवून टाकलं, म्हातारा बांधावरून पडला असंल. डोक्यावर एवढी खोक घेऊन तुम्ही खोटारडे ठरलात, आणि घरी येऊन शांतपणे पिठलं-भाकरी खात म्हणालात, "धाकटा सुटला ना, मंग झालं." मला इतका संताप आला की मी ताट आदळलं. "अन्नावर राग नको काढू," तुम्ही म्हणालात. "त्येचं नाव माझ्या तोंडून गेलं. त्येच्या घरचा तळतळाट नको आपल्याला."

मग सरकारनं दोघांच्याही निर्दोष सुटण्याविरुद्ध अपील केलं. दुसरं कुणी असतं तर पेढे वाटले असते. तुम्ही मात्र इस्त्रीची टोपी घालून, मला बरोबर घेऊन, एसटीनं सरकारी वकिलांकडे निघालात. "सायेब, त्येवढं एक नाव काढा. त्यो तिथं नव्हता." वकील वैतागले. "काका, शपथेवर सांगितलंय तुम्ही. आता फिरलात तर थोरलाही सुटेल आणि खोट्या साक्षीपायी तुम्हीच आत जाल." अपील वर्षानुवर्षं पडून राहिलं. शेवटच्या आजारपणातही डोळे उघडले की विचारायचात, "तारीख लागली का?" नाही म्हटलं की पुन्हा भिंतीकडे तोंड करायचात. त्या भिंतीचा मला अजून राग येतो.

तारीख लागली, आप्पा. कोर्टानं म्हटलं, साक्षीत एक गोष्ट खोटी निघाली म्हणून सगळी साक्ष फेकून देता येत नाही, भुसा पाखडून दाणे ठेवायचे असतात. तुमची जखम खरी ठरली, फावडं खरं ठरलं. आता गावानं बांधाला दोष देऊन दाखवावा! आणि ज्याच्यासाठी तुम्ही भिंतीकडे तोंड करून झुरलात, तो त्याच्या घरी आहे. मला किती हलकं वाटतंय ते लिहून सांगता येत नाही.

फोन ठेवताना धाकटा म्हणाला, "आप्पांवर माझा राग न्हाई बरं का, ताई. लई सोसलं त्यांनी." मी नुसतं "हं" म्हटलं.

हवालदारानं "अजून कोण होतं?" असं विचारलं, तेव्हा तुम्हाला गुंगी आली होती. तुम्ही एकच नाव घेतलं होतंत. दुसरं मी सांगितलं, रागाच्या भरात, आणि चुलत्यांनी मान डोलावली. जाग आल्यावर तुम्हाला वाटलं, आपणच बोललो. तुम्ही होतात तोवर रोज सांगता आलं असतं. मी भ्याले. धाकट्याला उद्या सांगेन म्हणते. हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही, याचं मात्र आजही मला थोडं बरंच वाटतंय.