लाल शिरेचा आकडा

अण्णा, हरसूलकडच्या त्या लाकूडतोड्याबद्दल मला तुमच्याशी बोलायचं आहे. तुम्ही असताना बोललो नाही. तुम्हाला जाऊन आता चाळीसहून जास्त वर्षं झाली आणि मी तुमच्या वयाच्याही पुढे आलो. ते इस्पितळ पाहिलेलं आपल्या घरात आता कुणी उरलेलं नाही. त्यामुळे ही गोष्ट सांगायची तर तुम्हालाच, आणि तुम्हाला ती बहुधा ठाऊक आहे, हीच माझी अडचण आहे.

तिसाच्या पुढची ती वर्षं. नाशकातल्या त्या लहानशा धर्मादाय इस्पितळात तुम्ही रजिस्टर लिहीत होतात आणि मॅट्रिकनंतर तुमचा मुलगा म्हणून मला तुमच्याच हाताखाली घेतलं होतं. आपल्या खोलीत भिंतीवर रोगांची आणि जखमांची छापील इंग्रजी यादी टांगलेली असे, प्रत्येकापुढे एक आकडा. डॉक्टरांनी निदान सांगितलं की तो आकडा आपण रजिस्टरात घालायचा. नर्सबाई तोच आकडा खाटेवरच्या कार्डावर उतरवत, आणि खाट कुठे लावायची, लक्ष किती ठेवायचं, हे त्यावरून ठरायचं. एकदा एका टांगेवाल्याची नोंद मी नुसती पायाची जखम म्हणून केली, तेव्हा तुम्ही टाक खाली ठेवलात. "कोणता पाय? गुडघ्याच्या वर की खाली? शीर तुटली का?" मला काहीच माहीत नव्हतं. "मग लिहिलंस कशाला? माहीत नसेल तर उठून विचारायचं. पुढचा माणूस जखम बघत नाही, आकडा बघतो." मग तुम्ही मला समजावून सांगितलंत की आपली माणसं सगळ्यालाच शीर म्हणतात, पण यादीत तिचे दोन आकडे आहेत, एकाखाली एक. लाल रक्त उसळतं ती वेगळी, काळं रक्त नुसतं वाहतं ती वेगळी. लाल शीर बांधलेला रोगी नर्सबाईंच्या टेबलाजवळ ठेवायचा आणि त्याच्या उशाशी आवळायचा पट्टा टांगायचा, कारण जखम पिकली तर आठ-दहा दिवसांनी ती शीर पुन्हा फुटू शकते. आणि आपली चूक झाली तर एक रेघ मारायची, शेजारी बरोबर आकडा लिहायचा, खाली सही करायची. खरवडायचं नाही. हे सगळं मी मान हलवत ऐकलं होतं.

लाकूडतोड्याला बैलगाडीतून आणलं तेव्हा सकाळचे दहा वाजले असतील. कुऱ्हाड घसरून घोट्याच्या वर, पोटरीच्या आतल्या बाजूला लागली होती. त्याच्या बायकोनं लुगड्याचा पदर फाडून पाय बांधला होता. तुम्ही त्या दिवशी तापानं घरी होतात. मोठे डॉक्टर तासाभरानं बाहेर आले, त्यांना दुपारच्या गाडीनं मुंबईला जायचं होतं. हात पुसत पुसतच ते दारातून मला म्हणाले, "पोटरीची शीर होती. बांधलीय. नोंद करा." मी विचारायला तोंड उघडलं आणि त्यांनी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं. मी त्यांना फार भीत होतो, अण्णा. आठवड्यापूर्वीच त्यांनी सगळ्यांदेखत मला मठ्ठ म्हटलं होतं. मी यादीकडे पाहिलं, दोन आकडे दिसले, आणि मी काळ्या शिरेचा आकडा लिहिला. विचार करून लिहिला असंही नाही. त्यानंतर धाकटे डॉक्टर रोज फेरी मारत, कार्ड वाचत आणि पुढे जात. खाट मागच्या व्हरांड्यात, अगदी टोकाला लागली होती.

आठव्या दिवशी जेवणाची वेळ टळून गेली होती. आपण दोघं खोलीत आहोत, तुम्ही मागच्या आठवड्याच्या नोंदी तपासायला घेणार आहात. दारात त्याची बायको येऊन उभी राहते. ती ओरडत नाही. "बाबा, चला की," एवढंच म्हणते, "रगत लय जातंय, थांबत नाय." तिच्या दोन्ही हातांवर ते आहे आणि ते लाल आहे. त्या वयात तुम्हाला इतक्या वेगानं उठलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. मी मागोमाग धावलो तेव्हा तुम्ही खाटेवर गुडघा टेकून त्याच्या जांघेत दोन्ही अंगठे रोवले होते. पट्टीतून होणारी उसळी हळूहळू थांबली. तो माणूस तुमच्याकडे बघत होता, ओठ पांढरे पडलेले. नर्सबाई धावत आल्या.

"पट्टा कुठंय?" तुम्ही विचारलंत.

"या खाटेला पट्टा नाही दिलेला, अण्णा. कार्डावर काळ्या शिरेचा आकडा आहे."

तुम्ही माझ्याकडे पाहिलं नाहीत. "डॉक्टरांना बोलव," एवढंच म्हणालात. मी पळालो, धाकट्या डॉक्टरांना बाहेरच्या रोग्यांतून उठवून आणलं. इथपर्यंतचं तुम्हाला माहीत आहे. त्यानंतर मी व्हरांड्यात परत आलो नाही. मी आपल्या खोलीत गेलो आणि दार लोटलं. तो मेला तर मला तुरुंगात घालतील, असं वाटत होतं. तुमची नोकरी जाईल, आई कुणाला तोंड दाखवणार नाही, असंही वाटत होतं. पेन्सिली तासायचा चाकू घेऊन मी तो आकडा खरवडला. शाई पसरू नये म्हणून नखानं कागद घोटला आणि त्यावर लाल शिरेचा आकडा लिहिला. पलीकडे तुम्ही अजून अंगठे दाबून बसला होतात. तुमचा आवाज ऐकू येत होता, तुम्ही त्याला त्याच्या बैलांची नावं विचारत होतात, त्यानं डोळे मिटू नयेत म्हणून.

तो वाचला. धाकट्या डॉक्टरांनी शीर पुन्हा, जरा वर बांधली. पायाची दोन बोटं काळी पडून गेली, पाय राहिला. महिन्याभरानं तो काठी टेकत गाडीत चढला आणि त्याच्या बायकोनं तुमच्या पायावर डोकं ठेवलं. मी खिडकीतून पाहत होतो, बाहेर आलो नाही.

पण त्याआधी मोठे डॉक्टर मुंबईहून परतले होते. त्यांनी नर्सबाईंना स्वतःच्या खोलीत उभं केलं आणि रजिस्टर मागवलं. ते घेऊन आपण दोघं गेलो. नर्सबाई म्हणाल्या, "रजिस्टरात होतं तेच मी उतरवलं." तुम्ही रजिस्टर उघडलंत, ओळ सापडावी म्हणून पानावरून अंगठा फिरवत आलात, आणि त्या जागेवर तो थांबला. मग तुम्ही रजिस्टर डॉक्टरांपुढे ठेवलंत. त्यांनी आकडा वाचला, कार्ड शेजारी धरलं आणि नर्सबाईंना म्हणाले, "तुम्हाला उतरवताही येत नाही?" नर्सबाईंनी वाकून पान पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं. त्यांना कळलं होतं, अण्णा. त्या काहीच बोलल्या नाहीत. कुणी विश्वास ठेवला असता? त्यांची नोकरी गेली आणि महिनाअखेर त्या बहिणीकडे लासलगावला निघून गेल्या. त्या बहिणीवाचून घरचं कुणी नसलेली, शिकून नोकरीला लागलेली बाई.

त्या संध्याकाळी आपण घरी जेवायला बसलो. तुम्ही भाकरी मोडलीत आणि म्हणालात, "उद्यापासून तू औषधांच्या कोठीत बसत जा." आईनं का म्हणून विचारलं. "तिथं माणूस हवाय," तुम्ही म्हणालात. तुम्ही त्यापुढे कधी एक शब्द काढला नाहीत, आणि मीही नाही. रोज सकाळी आपण गोदेवरचा पूल ओलांडून बरोबर चालत जात होतो. आज विचारतील, आज विचारतील, असं मनात धरून मी एक पाऊल मागे चालत असे. तुम्ही नुसते खाकरलात तरी मी आणखी मागे पडायचो.

मधे एकदा मी लासलगावला गेलो होतो, तुम्हाला लग्नाला जातो असं सांगून. स्टेशनात उतरलो, नर्सबाईंच्या बहिणीचं घर एकाला विचारलं, त्यानं हातानं दाखवलंही. मी बाकावर बसून राहिलो आणि परतीची गाडी आली तशी बसून आलो. मी तोंड उघडलं असतं तर त्यांना कदाचित दुसरीकडे काम मिळालं असतं, हे तेव्हाही कळत होतं. तुम्ही रजिस्टर पुढे का ठेवलंत, पान पाहून गप्प का राहिलात, याचं उत्तर मी पुष्कळ वर्षं शोधलं. मुलासाठी, असं म्हणावंसं वाटतं. पण तुम्ही पुढे रजिस्टर लिहिताना दर ओळीवर थांबायला लागलात, हेही मी पाहिलं आहे.

हे पत्र कुठे टाकणार? घडी घालून इतर कागदांत ठेवीन, मुलं कधीतरी रद्दीत काढतील. एकच राहिलं आहे. तुम्ही गेलात त्या दिवशी सगळे रडत होते आणि मीही रडत होतो. पण तुमच्या तोंडावर धोतर ओढलं गेलं तेव्हा पहिल्यांदा मला जे वाटलं ते दुःख नव्हतं. आता कुणी विचारणार नाही, असं वाटलं होतं, आणि मला बरं वाटलं होतं.