चिलखती सरदार आणि लग्नाची घोडी

२३ मार्च २०१२, शुक्रवार. पाडवा.
नव्या वर्षाचा संकल्प: सिनेमावाल्यांना आता सोडायचं नाही.

दुपारी श्रीखंडानंतर डीव्हीडीवर इंग्रजी सिनेमा लावला होता, हिंदीत डब केलेला. जाउस्टिंगचा सीन. म्हणजे चिलखत घातलेले दोन सरदार घोड्यांवरून समोरासमोर धावत येतात आणि लांब भाल्याने एकमेकांना खाली पाडायला बघतात. पहिल्या चार मिनिटांत अकरा चुका. खऱ्या जाउस्टिंगमध्ये दोन घोड्यांच्या मध्ये लाकडी कठडा असतो, टक्कर होऊ नये म्हणून. इथे मोकळं मैदान. उरण रोडला दोन ट्रेलर समोरासमोर यावेत तसे आले. भाला लागला, त्याचा पिठासारखा भुगा. हिरोच्या डोक्यावर शिरस्त्राण नाही, कारण पैसे तोंडाचे दिलेत, तोंड दिसायला हवं. डोळ्यात कुसळ गेलं असतं म्हणजे कळलं असतं.

प्रत्येक चूक सिनेमा पॉज करून समजावून सांगितली. समृद्धी (माझी मुलगी, खारघरला इंजिनीअरिंगला आहे, तरी ही अवस्था) म्हणाली, बाबा, तास झाला, आपण पहिल्या मारामारीतच आहोत. कुमुदने (तिच्या आईने) रिमोट काढून घेतला आणि उशीखाली ठेवून झोपली. ज्ञानाची या घरात ही किंमत.

२६ मार्च, सोमवार.
लंच अवरमध्ये ऑफिसात विषय काढला. वीस वर्षं न्हावा शेवा बंदरातल्या मालाचे कागद करतोय. वजनाच्या बाबतीत मला कुणी शिकवू नये. सरदाराची रीतसर पॅकिंग लिस्टच केली: घोडा, एक नग, पाचशे किलो. सरदार, एक नग, सत्तर. चिलखत, तीस. भाला, खोगीर वगैरे मिळून ग्रॉस सव्वासहाशे. आणि सिनेमात काय दाखवतात? सरदाराला घोड्यावर बसवायला चक्क क्रेन! तीस किलोसाठी क्रेन! आमच्या गोदामातला हमाल पन्नास किलोचं पोतं घेऊन शिडी चढतो. खरे सरदार एकटे, टुणकन उडी मारून बसत.

हे सांगत असताना तिघेजण डबे उचलून पलीकडच्या टेबलावर गेले. तिकडे पंखा आहे, म्हणून असेल.

१ एप्रिल, रविवार.
मोठी बातमी. वाचनालयाचे सेक्रेटरी काशिरामभाऊ घरी आले. मे महिन्याच्या व्याख्यानमालेत चार तारखेचे वक्ते मधुमेहावर बोलणार होते, ते मुलाकडे अमेरिकेला चालले. त्या जागी मी! विषय सांगितला: ‘सिनेमातले चिलखती सरदार: एक शुद्ध थाप’. भाऊ म्हणाले, कायपण चालंल, फक्त साडेसहाला टायमावर या. विषयावर एवढा विश्वास टाकणारा माणूस आजकाल मिळत नाही.

खरं सांगायचं तर डोळ्यांत पाणी आलं. बावन्न वर्षांचा झालो. ऑफिसात मी तोंड उघडलं की लोकांना फोन येतात, घरात टीव्हीचा आवाज वाढतो. आता पहिल्यांदाच शे-दीडशे माणसं तासभर गप्प बसून माझं ऐकणार.

निघताना भाऊंनी विचारलं, तुमी सोता कदी घोड्यावर बसले का नाय? म्हणालो, म्हणजे काय! लग्नातच बसलो होतो. कुमुद चहा देत होती. तिने कप जरा जोरात ठेवला. लग्नात घोडी आणली होती हे सत्य आहे. मी अँबेसेडरमधून गेलो तो सर्दीमुळे.

५ एप्रिल, गुरुवार.
वाचनालयाच्या फळ्यावर नाव लागलं. ‘वक्ते: श्री. विनायक म्हात्रे, अनुभवी घोडेस्वार.’ हे शेवटचे दोन शब्द काशिरामभाऊंचे, माझे नाहीत. पुसणार होतो. पण सार्वजनिक फळ्यावरचं लिखाण परस्पर पुसणं बरं दिसत नाही.

आता फळा खरा करणं हाच एक मार्ग. महिना हातात आहे. लोक सहा महिन्यांत विमान चालवायला शिकतात.

८ एप्रिल, रविवार.
जमालभाईंकडे गेलो. पनवेलमधल्या निम्म्या नवरदेवांना त्यांच्याच पांढऱ्या घोडीने मांडवापर्यंत नेलंय. घोडीचं नाव हिना. जमालभाई म्हणाले, साहेब, रविवारी सकाळी या, तेव्हा वरात नसते. पण एक बात ध्यानात ठेवा, ही लग्नाची घोडी हाय, लढाईची नाय. म्हटलं, घोडी ती घोडी. सगळा खेळ वरच्या माणसाचा.

तयारी: रोज सकाळी सहाला उठणे. गहू, साखर बंद. सहा किलो कमी करणे. मांड्या मजबूत करणे.

१२ एप्रिल, गुरुवार.
सोफ्याच्या हातावर मांड टाकून बसण्याचा सराव. वीस मिनिटं. सोफ्याचा हात निघाला. जुनाच होता.
वजन एक किलो वाढलं. स्नायू जड असतात.

१५ एप्रिल, रविवार.
पहिली स्वारी. गव्हाण गावाच्या बाजूला मोकळं मैदान आहे, तिथे.

बसायला प्लास्टिकचं स्टूल लागलं, खालून ढकलायला जमालभाई आणि पलीकडून ओढायला त्यांचा भाऊ लागला, दोनदा पलीकडच्या बाजूला उतरलो. याची क्रेनशी तुलना करणं चूक आहे. क्रेन हे यंत्र आहे.

बसलो. टाच मारली. हिना ढिम्म. जमालभाई म्हणाले, बाजा वाजल्याशिवाय चालत नाय ती, आदत हाय. मोबाइलवर युद्धाचं संगीत होतं, ते लावलं. तिने कान हलवले, शेपूट हलवली, पाय नाही. शेवटी जमालभाईंनी स्वतःच तोंडाने बँड काढला. पों पों पों. त्याबरोबर निघाली! आठ पावलं गेली आणि थांबली. का? तर आठ पावलांवर वऱ्हाडी नाचतात, त्यांना जागा द्यायची असते. नाचणारं कुणी नव्हतं. हिना शांतपणे त्यांचं संपायची वाट बघत होती. पाच मिनिटं. उन्हात.

या देशात अश्वदलाची परंपरा कशी लयाला गेली त्याचं उत्तर मिळालं.

कुमुद म्हणाली, पुरे करा, मला भीती वाटते. बायकांना धाडस बघवत नाही.

२२ एप्रिल, रविवार. डाव्या हाताने लिहितोय.
आज भाल्याचा सराव होता. भाला म्हणजे बाल्कनीतला कपडे वाळत घालायचा बांबू. सिनेमात भाला सुरुवातीपासून आडवा धरतात, तेही चूक. आधी उभा, मग वेग आल्यावर हळूहळू खाली आणून बगलेत दाबायचा. हे दाखवायचं होतं.

घोडी भरधाव सुटली. वारा कानात. समोर जमालभाईंनी धरलेली जुनी छत्री, म्हणजे शत्रू. भाला खाली आणला. बांबूचं टोक जरा जड निघालं, ते जमिनीकडे गेलं, त्याच्या मागून मी. वेगामुळे तोल राहिला नाही. खाली पडल्यावर वर पाहिलं तर हिना माझ्याकडे बघत होती. तिच्या तोंडात गवत होतं. भरधाव घोडे धावता धावता चरू शकतात, याची नोंद कुठल्याच पुस्तकात नाही.

मनगटाला फ्रॅक्चर. सहा आठवडे प्लॅस्टर.

२४ एप्रिल, मंगळवार.
ऑफिसात सगळे जमले. भरधाव घोड्यावरून पडलो म्हटल्यावर पलीकडच्या टेबलावरचे डबे इकडे आले. वेग विचारला. तीस किलोमीटर सांगितला. जेवणानंतर अकाउंट्सवाले आले, त्यांना चाळीस. चारच्या चहाला साहेब स्वतः आले. साहेबांना चाळीस कसं सांगणार?

४ मे, शुक्रवार, दुपारी साडेतीन.
भाषण तयार. बत्तीस पानं. क्रेनवर पाच, शिरस्त्राणावर साडेसहा. झब्ब्याची एक बाही प्लॅस्टरसाठी उसवून कुमुदने पुन्हा टाके घालून दिली. म्हणाली, थोडक्यात बोला. मी हसलो. आजनंतर पनवेलमध्ये कुणी तो सिनेमा सरळ चेहऱ्याने बघू शकणार नाही.

५ मे, शनिवार.
जे झालं ते लिहितो.

त्रेचाळीस माणसं होती. मी मोजली. कठड्याच्या मुद्द्यापर्यंत चाळीस. क्रेन सुरू झाली तेव्हा मागच्या दोन रांगा उठल्या. शिरस्त्राणाच्या तिसऱ्या पानाला सतरा उरले होते आणि त्यात काशिरामभाऊ मान टाकून झोपले होते. मी वाचत राहिलो. कुमुद पहिल्या रांगेत होती, तिच्याकडे बघायची हिंमत झाली नाही.

मग मासळी बाजारातल्या कृष्णाबाई उभ्या राहिल्या. व्याख्यानमालेला दरवर्षी पहिल्या रांगेत असतात. म्हणाल्या, भाऊ, ते सगलं राहू दे. हात कसा मोडला ते सांगा.

पानं खाली ठेवली. सांगितलं: पन्नासच्या वेगात होतो. घोडी बेफाम. आवरेना.

तेवढ्यात मागून जमालभाई उठले. ते आलेत हे मला माहीतच नव्हतं. पांढरा कुर्ता, अंगाला अत्तर, मुद्दाम माझ्यासाठी तयार होऊन आलेले. हात जोडून म्हणाले, साहेब, माफी असावी, पण माझ्या घोडीचं नाव खराब होतंय. लग्नाचा सीझन हाय. लोक बोलतील, जमालची घोडी बेकाबू हाय, कोण बसवंल नवरदेव? साहेब, खुदा की कसम, ती खडी होती. गवत खात होती.

मी म्हणालो, एक पाऊल टाकलं होतं तिने. जमालभाई म्हणाले, नाय टाकलं. मी म्हणालो, मग बांबू जड होता. कृष्णाबाईंनी विचारलं, बांबू कसला? म्हटलं, कपड्यांचा. तिथे पहिला हशा फुटला. मला राग आला. रागाच्या भरात मी सगळं नीट स्पष्ट करायला गेलो: स्टूल, पों पों, आठ पावलं, न आलेले वऱ्हाडी, छत्री. मी जितका मुद्देसूद बोलत होतो तितके लोक जास्त हसत होते. दाराबाहेर चपला घालणारे परत आत आले. काशिरामभाऊ जागे होऊन विचारायला लागले, काय झालं, पयल्यापासून सांगा. पहिल्यापासून सांगितलं. कुमुद पदराने डोळे पुसत होती. लग्नात हे अँबेसेडरमधून आले, असं तिने बसल्या जागेवरून मोठ्याने जाहीर केलं, तेव्हा तर दोन मिनिटं कुणालाच बोलता येईना.

आठ वाजता आभार. टाळ्या थांबेनात. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

७ मे, सोमवार.
आज रजा. ऑफिसला तोंड दाखवणं शक्य नाही. काशिरामभाऊ येऊन गेले. म्हणाले, असा परोगराम दहा वर्षांत झाला नाय, पुढच्या साली विनोदी संध्याकाल तुमाला दिली. मी ताडकन म्हणालो, मी अभ्यासक आहे, बहुरूपी नाही. ते म्हणाले, बघा, इचार करा.
बत्तीस पानं हॉलमध्येच राहिली होती, ती आणून दिली त्यांनी. कोपऱ्यावर कुणीतरी चहाचा कप ठेवला होता.

८ मे, मंगळवार.
झोप नाही. पुन्हा पुन्हा एकच हिशेब मनात येतो. बत्तीस पानं वाचत होतो तेव्हा सतरा माणसं. पडल्याचं सांगत होतो तेव्हा हॉल भरलेला, आणि शेवटपर्यंत एकही माणूस उठला नाही. कुमुदसुद्धा माझ्याकडेच बघत होती. किती वर्षांनी.

दहा वाजता काशिरामभाऊंना फोन केला, हो म्हणून कळवलं. त्यांनी विचारलं, तवा स्टेजवर पडून पण दाखवाल का?
दाखवतो म्हणालो.